आई घर सोडून गेली तो प्रयोग

तिसरी घंटा झाली. दिवे मंदावले, ज्यांना खोकायचं होतं त्यांनी शेवटचं खोकून घेतलं, आणि पडदा वर गेला. समोर एक साधी खोली. डावीकडे जेवणाचं टेबल, उजवीकडे भांड्यांचं कपाट, मधोमध बाहेर जायचं दार. टेबलाशी एक बाई कपड्यांच्या घड्या घालत बसलेली, खांद्यावर राखाडी शाल. रविवारची दुपार, थिएटर बऱ्यापैकी भरलेलं. बाईनं अजून तोंडही उघडलं नव्हतं, तरी मागच्या रांगांमधून कुजबुज आली, "अगं, ही तर आत्या."

टीव्हीवरची आत्या. रोज संध्याकाळी लोकांच्या घरात शिरून लुडबुड करणारी, सगळ्यांना नको असलेली आणि एक दिवस दिसली नाही तर चुकल्यासारखं वाटायला लावणारी. विंगेच्या पलीकडे मात्र तिला कोणी आत्या म्हणत नसे. तिथं ती धाकटी होती. वय अठ्ठावन्न, गुडघे कुरकुरणारे, चष्म्याचा नंबर दर दोन वर्षांनी वाढणारा, आणि हाक मारायची धाकटी. एकोणिसाव्या वर्षी ती या कंपनीत आली, ती याच नाटकातल्या धाकट्या मुलीचं काम करायला. तेव्हा जे नाव चिकटलं ते चिकटलंच.

नाटक अगदी घरगुती. एक आई, दोन मुली. थोरली लग्न करून गेलेली, अधूनमधून येऊन सल्ले देणारी. धाकटीला लांबच्या शहरात नोकरी लागलेली आणि आईला एकटं टाकून जायचा धीर होत नसलेला. पण लोकांना ते काय भावलं कोण जाणे, एकोणचाळीस वर्षं ते चाललं. कधी महिन्याला दहा प्रयोग, कधी दोन, पण बंद म्हणून पडलं नाही. आपली धाकटी त्यात तेरा वर्षं धाकटी होती, मग नऊ वर्षं थोरली, आणि आता सतरा वर्षं आई. नाटक तेच, घर तेच, कपाटाचं उजवं दार तेव्हापासून नीट लागत नाही ते आजही लागत नाही. बदलत गेली ती तिची उभं राहायची जागा. लग्नही तिनं तिथंच जमवलं. कंपनीचा लाइटवाला गडी अबोल होता. पण एका प्रयोगात तिच्या एंट्रीला त्यानं ठरल्यापेक्षा जरा जास्त उजेड टाकला, आणि काय ते ती समजली.

टीव्ही तिच्या आयुष्यात आला पंचेचाळिशीनंतर. पहिल्या दिवशी पहिलं वाक्य ती अशी काही बोलली, की हेडफोन लावून बसलेला आवाजवाला खुर्चीतून उठला. तिच्या निम्म्या वयाचा दिग्दर्शक गयावया करत म्हणाला की, आत्या, शेवटच्या रांगेपर्यंत पोचवू नका, आपली शेवटची रांग इथं माझ्या नाकापुढे आहे. ते तिनं आठवडाभरात जमवलं. जमत नव्हतं ते दुसरंच. रंगभूमीवर समोरचा नट अडला, की त्याचं वाक्य आपल्या वाक्यात गुंडाळून पुढं ढकलायचं, प्रेक्षकाला पत्ता लागू द्यायचा नाही, हे तिच्या हाडात मुरलेलं. सेटवर कोणी अडला की हिनं त्याला सांभाळून घेतलंच. शेवटी दिग्दर्शक कळवळून म्हणाला, "आत्या, त्याला चुकू द्या ना. आपण पुन्हा घेऊ." चुकू द्या, हे असं कोणी म्हणू शकतं हे तिला वयाच्या शेहेचाळिसाव्या वर्षी कळलं. घरी येऊन तिनं ते नवऱ्याला दोनदा सांगितलं.

हळूहळू तिला तिथं मजा वाटू लागली. मेकअप होता होता पानं हातात पडायची, ती पाठ करायची, शॉट झाला की पाटी पुसल्यासारखी पुसून टाकायची. कालचं आज आठवायला नको. घरी सासूबाई तर या मालिकेमुळेच तिच्यावर खूश झाल्या. नाटकाला त्या इतकी वर्षं 'तिचं ते रविवारचं' म्हणत आल्या होत्या. मालिका सुरू झाली आणि चौऱ्याऐंशीव्या वर्षी त्यांना सून सापडली. भाग संपला की खुर्ची वळवून त्या तिला समोर बसवायच्या आणि झाडायच्या, "काल त्या पोरीला काय वाट्टेल ते बोललीस. शोभतं का तुला?" ती सांगायची की अहो, ते लिहून देतात. त्यावर सासूबाई म्हणायच्या, लिहून दिलं म्हणून लगेच बोलायचं का.

तर सुखाचं चाललं होतं. पण तिचा जीव होता रविवारच्या दुपारी. मालिकेनं ओळख दिली, चांगली वागणूक दिली. प्रयोगाला पडदा वर जाताना जे वाटायचं, ते मात्र तिथं कधी वाटलं नाही. आणि या रविवारांना एक अट होती, तिनं स्वतःच घालून घेतलेली.

त्याचं असं झालं. या नाटकातली पहिली आई म्हणजे कंपनीच्या थोरल्या बाई. काय तो आवाज, काय ते चालणं. पण शेवटच्या वर्षी बाईंना वाक्यं सुटायला लागली. मालकांनी भांड्यांच्या कपाटामागं प्रॉम्प्टर बसवला. त्याची कुजबुज तिसऱ्या रांगेपर्यंत जायची. एकदा तर एका प्रेक्षकानं मोठ्यानं सांगितलं की बाई, ते कपाट काय म्हणतंय बघा, आणि सगळं थिएटर हसलं. थोरल्या बाईसुद्धा हसल्या. शेजारी थोरलीच्या वेषात उभ्या असलेल्या धाकटीला त्यांचे थरथरणारे हात तेवढे दिसले. त्या दिवशी मेकअपच्या खोलीत तिनं सगळ्यांसमोर सांगून टाकलं की माझं एक वाक्य चुकलं, की दुसरं चुकायची वाट बघायची नाही. मी उठेन. मालकांनी ते हसण्यावारी नेलं. पण सतरा वर्षं दर प्रयोगाच्या सकाळी, केस धुताना, ती सगळं नाटक मनात म्हणून बघायची, आणि एकही वाक्य हललेलं नाही हे बघून मगच डोक्यावर टॉवेल गुंडाळायची.

त्या रविवारीही म्हणून बघितलं होतं. सगळं जागच्या जागी होतं.

तिसऱ्या अंकातली ती जागा सगळ्या नाटकाचा प्राण. धाकटी बॅग घेऊन दारापर्यंत जाते, थांबते, आणि आईला विचारते, "मी गेले तर तुझं कसं होईल?" घड्या घालता घालता, मान वर न करता आई म्हणते, "आणि तू राहिलीस तर तुझं कसं होईल?" मुलगी जाते. आई एकटी उरते. सवयीनं कपाटातून दोन ताटं काढते, एक परत ठेवते, आणि दिवे जातात.

आता धाकटीचं काम करणारी मुलगी एकोणतीस वर्षांची, पाच वर्षं कंपनीत, गुणी आणि घाईची. या जागेला ती धाडकन बोलून मोकळी व्हायची. आपल्या धाकटीला ती मावशी म्हणे, आणि मावशी तिच्या मागं लागलेली असायची, की अगं थांब जरा, दाराच्या कडीवर हात ठेव, मनात तीन आकडे मोज, लोकांना वाटू दे की ही आता विचारतच नाही. मुलगी हो हो म्हणायची आणि पुन्हा धाडकन बोलायची. पाच वर्षांत त्या दिवशी पहिल्यांदा ती थांबली. कडीवर हात ठेवला. खांदा किंचित उतरला. ते थांबणं हुबेहूब तेच होतं, आपल्या धाकटीनं तेविसाव्या वर्षी स्वतः शोधून काढलेलं. एक. दोन. तीन. आणि टेबलाशी बसलेल्या आईच्या तोंडून वाक्य निघून गेलं,

"मी गेले तर तुझं कसं होईल?"

बोलून झाल्यावर तिला आपलाच आवाज ऐकू आला. हातातली घडी हातात राहिली. वाक्य बरोबर होतं, जागाही बरोबर होती, फक्त बाई चुकली होती.

दारातली मुलगी वळली. तिचं वाक्य गेलं होतं, आता तिच्याजवळ काहीच नव्हतं. मग ती दोन पावलं आत आली आणि शांतपणे म्हणाली, "आणि तू राहिलीस तर तुझं कसं होईल?" एवढ्यावर ती थांबली नाही. तिनं आपली बॅग उचलून टेबलावर, आईपुढे ठेवली.

समोर चारशे माणसं बघत होती. अशा वेळी रंगभूमीवरचा माणूस एकच करतो, पुढं जातो. आई उठली. शाल सारखी केली, बॅग उचलली, आणि एकोणचाळीस वर्षं ज्या घराला तिनं आपलं म्हटलं त्या घराचं दार उघडून बाहेर पडली.

बाहेर म्हणजे विंगेत. तिथं दिव्यांच्या बटणांपुढं तिचा नवरा बसला होता.

"तू इकडे कशी?" त्यानं विचारलं.

"मी घर सोडलं."

"बरं. मग उजेड कोणावर टाकू?"

"तिच्यावर," ती म्हणाली.

त्यानं टाकला. बॅग हातात तशीच धरून ती विंगेच्या कडेला उभी राहिली. आत मुलगी एकटी होती. रिकाम्या खुर्चीकडे बघत जरा उभी राहिली, मग कपाटाकडे गेली. दोन ताटं काढली. एक परत ठेवायचं होतं. तिनं ठेवलं नाही. दोन्ही ताटं टेबलावर मांडली, आणि स्वतः आईच्या खुर्चीत दाराकडे तोंड करून बसली. दिवे गेले. टाळ्यांनी छप्पर दणाणलं.

मालक धापा टाकत मेकअपच्या खोलीत आले. त्यांना रागवायचं होतं की मिठी मारायची होती हे त्यांचं त्यांनाच ठरवता येईना, म्हणून त्यांनी दोन्ही केलं. मग खुर्चीत बसले आणि लगेच योजना मांडली. यापुढे नाटक असंच करायचं. आईनंच जायचं. जुने प्रेक्षकसुद्धा पुन्हा येतील.

धाकटी केसांची पांढरी पावडर पुसत होती. तिनं आरशातूनच सांगितलं की चूक एकदाच छान दिसते, पुढच्या रविवारी तीच केली तर तो निव्वळ चाळा होईल. नाटक लिहिलंय तसंच राहू दे. आणि आई या मुलीला करू दे, मी आता उठले.

मालक उसळले. एकोणतीस वर्षांच्या पोरीला आई करायची?

"मी बत्तीस वर्षांची होईपर्यंत दोन वेण्या घालून उड्या मारत होते," धाकटी म्हणाली, "तेव्हा नाही कोणी वय विचारलं."

मुलगी कोपऱ्यात उभी राहून रडत होती. तिला वाटत होतं की तिच्या त्या थांबण्यामुळेच सगळं झालं. मावशीनं तिला जवळ ओढलं आणि सांगितलं की हो, तुझ्यामुळंच झालं, आणि पाच वर्षं मी त्याचीच वाट बघत होते. त्यावर मुलगी आणखीनच रडायला लागली. मग मावशी म्हणाली की पुरे आता, ताटं मांडलीस ते फार चांगलं केलंस, पण पुढच्या वेळी एक परत ठेव.

दोघं चालत घरी निघाली. थिएटरपासून घर पंधरा मिनिटांवर. वळणाशी नवरा म्हणाला, "मला नाही वाटत तू चुकलीस. वाक्य तुझंच होतं."

"होतं ना. सव्वीस वर्षांपूर्वी."

"मग काय झालं?"

ती हसली. आत कुठं काही तुटतंय का, म्हणून तिनं चाचपून बघितलं. थोरल्या बाईंचे हात डोळ्यांपुढं आले. आपले हात तिनं बघितले, ते स्थिर होते, बॅगेचा वळ तेवढा तळव्यावर उमटला होता. आपण वेळेवर उठलो, कोणी हसायच्या आत उठलो, आणि मागं कोणाला तरी बसवून उठलो, हे तिला चालता चालता हळूहळू पटत गेलं. सासूबाईंना सगळं सांगितलं तेव्हा त्यांनी टीव्हीवरची नजर काढली नाही. चुकलं तर पुन्हा करू देतात तीच नोकरी बरी, एवढं त्यांनी निक्षून सांगितलं.

पुढचा महिना ती मालिकेचं शूटिंग आटोपून तालमीला जायची. मुलीला आई शिकवली, कंपनीनं आणलेल्या नव्या धाकटीला धाकटी. शिकवताना तिन्ही बायकांची वाक्यं तिच्या तोंडातून अशी सरमिसळ यायची, की दोघी पोटं धरून हसायच्या, आणि आता ती हसू द्यायची.

मग तो रविवार आला. मालकांनी तिच्यासाठी तिसऱ्या रांगेतली मधली खुर्ची राखून ठेवली होती. ती नवऱ्याबरोबर मागच्या दारानं आत शिरणार होती. त्यानंच तिला अडवलं आणि पुढच्या दाराकडे बोट दाखवलं. लोकांबरोबर रांगेत उभी राहून ती आत गेली. शेजारी एक जाडजूड, प्रसन्न बाई बसली होती. तिनं आत्याला ओळखलं, त्या पोरीला इतकं बोलू नका असं बजावलं, आणि पर्समधून लिमलेटची गोळी काढून दिली. घंटा झाली. पडदा वर गेला. टेबलाशी राखाडी शाल पांघरून दुसरीच कोणी घड्या घालत होती.

घर समोरून केवढं मोठं दिसत होतं. कपाटाचं उजवं दार लागत नाही हे इथून कळतसुद्धा नव्हतं. पहिल्या अंकात ती दोनदा विनोदाच्या आधीच हसली, शेजारच्या बाईनं दोन्ही वेळा मान वळवून बघितलं. तिसऱ्या अंकात नव्या पोरीनं कडीवर हात ठेवला, वाक्य तिनं विचारलं, उत्तर आईनं दिलं, पोरगी गेली. आईनं दोन ताटं काढली. एक परत ठेवलं. दिवे जायच्या आधी लाइटवाल्यानं तो उजेड जरा जास्तच वेळ तसा ठेवला. शेजारच्या बाईनं डोळे पुसले, नाक पुसलं, आणि बघते तो आत्याच्या गालांवरूनही पाणी वाहत होतं.

"तुम्ही हे आधी पाहिलेलं दिसतंय," ती कुजबुजली.

"छे हो," धाकटी म्हणाली. "पहिल्यांदाच बघतेय."