शिट्टीमामांचा संप

शिट्टीमामा शिंकायच्या आधीसुद्धा शिट्टी मारत. आजूबाजूच्यांना सावध केल्याशिवाय मोठा आवाज करायचा नाही, हा त्यांचा धर्म.

नाशिकजवळच्या दगडखाणीत त्यांचं कामच ते. पहिली शिट्टी झाली की सुरुंग उडणार, सगळ्यांनी बाहेर पळायचं. दुसरी होईपर्यंत आत पाय टाकायचा नाही. मामा सुरगाण्याकडचे. मी पार किनवटकडची, सातवीतून शाळा सोडलेली, खडी फोडणारी आणि भांडं पडलं तरी दचकणारी. "घाबरतीस ते बरं हाय," मामा म्हणायचे. "तुझ्यावर शिट्टी वाया जात नाय."

खाणीच्या मालकाला, शेठला, मात्र घाई. धूळ बसायच्या आत आम्हाला आत पिटाळायचा. त्यातच मागाहून उडालेल्या कपचीनं आमच्यातल्या यमुनाबाईचा डोळा गेला. पुढं एका सकाळी स्फोट झाले आणि मामांनी दुसरी शिट्टी मारलीच नाही.

"एक सुरुंग उडायचा राहिलाय. जाणकार माणूस बघून जाईस्तोवर कोणी आत जायचं नाय. आज नाय, पुढं कधीच नाय."

"सगळे उडाले!" शेठ ओरडला.

"मग व्हा ना पुढं. आम्ही आलोच मागनं."

शेठनं पाऊल उचललं, जरा वेळ हवेतच धरलं आणि होतं तिथं ठेवलं. त्याची गाडी आत आडोशाला, गाडीत जेवणाचा डबा.

"तुला कामावरून काढला!"

"काढा. शिट्टी कोण मारंल?"

मुकादमानं मारून बघितली. एक बाई हलली नाही. शेठनं मामांना परत घेतलं. दुपारपर्यंत तीनदा काढलं, तीनदा घेतलं. शेवटी भुकेनं तो आमच्यातच येऊन बसला.

"मिरची घ्या, शेठ," भाकरी पुढं करत मामा म्हणाले. "आज तुमी बी संपावर."

संध्याकाळी शेठनं मान्य केलं. सुरुंगाचा जाणकार आला. ज्या कातळाला टेकून मी रोज खडी फोडायचे, त्याच कातळात न उडालेला सुरुंग निघाला.

आता तपासल्याशिवाय कुणाला आत पाठवत नाहीत. पण महिन्याभरात शेठनं भोंगा बसवला आणि मामांना चौथ्यांदा काढलं. आम्ही काम बंद केलं, तर मामांनीच दटावलं, "नियम मिळालाय ना? तो धरून ठेवा. मला काय धरता?"

मामा गावी निघाले तेव्हा बसपाशी मी आभाराची चार वाक्यं घोकून गेले होते. तोंडातून निघालं, "जेवलात का?"

"जेवलो की," म्हणाले आणि बसमध्ये चढले.

जेवले कुठले! सकाळपासून आमच्या वस्तीवरच होते, आणि त्या दिवशी तिथं कुणीच चूल पेटवली नव्हती.