किल्लीवाल्या काकांचा अटकपूर्व जामीन

चपलांचं दुकान आणि दवाखाना यांच्या मधल्या फटीत किल्लीवाल्या काकांचं दुकान. आत दोघं शिरले तर तिसऱ्यानं बाहेरच थांबावं, एवढीच जागा. किल्ली घासायचं यंत्र, भिंतभर कोऱ्या किल्ल्या, एक स्टूल. त्या स्टुलावर काकांनी तीस वर्षं काढली, आणि कधीही विचारा, कसं चाललंय, उत्तर ठरलेलं, "मजेत." खोटं नव्हतं हो ते. गावातली निम्मी कुलपं त्यांनी उघडलेली, पण कुणाच्या घरातली टाचणी हलली नाही.

त्यांचा एक नेम होता. कपाट उघडायला बोलावलं की आधी विचारायचे, "आत काय आहे ते सांगा." सांगितलेलं निघालं नाही, तर पुन्हा बंद करून चालू लागायचे. मग समोर कुणी का असेना.

एका दुपारी हेडमास्तरांच्या मुलीनं बोलावलं. चोवीस वर्षांची, नोकरी करणारी.

"काका, माझ्या कपाटाची किल्ली हरवलीय."

"आत काय आहे?"

"जन्माचा दाखला, मार्कशीटा आणि निळा स्वेटर."

उघडलं. तिन्ही गोष्टी निघाल्या. काका घरी गेले, जेवले, निवांत झोपले. तिसऱ्या दिवशी कळलं, की तो दाखला घेऊन मुलीनं छापखान्यातल्या एका मुलाशी रजिस्टर लग्न केलं. हेडमास्तरांनी तक्रार ठोकली की मुलीला फूस लावून पळवलं. आरोपी पहिला तो मुलगा, आणि आरोपी दुसरे आमचे काका. किल्ली हरवली नव्हतीच, ती हेडमास्तरांच्या खिशात होती.

चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात, पण इथे मुळात चोरच नव्हता. नवरा-बायको राजी, आणि कोठडीत जाणार कोण, तर कपाट उघडणारा. आहे की नाही कमाल?

"तिला किल्ली कुठे आहे ते का नाही विचारलंत?" काकू म्हणाल्या.

"अगं, किल्ली कुठे आहे ते ठाऊक असलेला माणूस मला कशाला बोलावेल?"

हसले खरे, पण अर्धं ताट तसंच बाजूला सारलं. थोड्या वेळानं म्हणाले, "कोठडीत चार दिवस काढीन गं. पण पोलिसांनी धरून नेलेल्या माणसाला पुन्हा कोण आपल्या कुलपाला हात लावू देईल? संपलंच मग सगळं."

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. काका चढले. ओळखीच्या वकीलबाईंनी अटकपूर्व जामिनाचा अर्ज तयार केला. पोलिसांनी धरण्याआधीच, याला धरू नका, असं कोर्टाकडून मागून घ्यायचं. सुनावणीच्या सकाळी काका त्यांच्या ऑफिसात पोचले, तर बाई कपाटाशी झटापट करत होत्या. कुलूप अडकलेलं.

काकांनी खिशातून तार काढली आणि सवयीनं विचारलं, "आत काय आहे?"

"तुमचा जामीन," बाई म्हणाल्या.

कोर्टात मुलगी स्वतः आली. "मी माझ्या पायांनी गेले, साहेब. काकांशी खोटं बोलले, तेवढं मात्र चुकलं," एवढंच म्हणाली. न्यायाधीशांनी कागद चाळले आणि जामीन दिला. अट एकच, केस संपेपर्यंत फिर्यादीशी कुठलाही संपर्क ठेवायचा नाही. काकांच्या जिवात जीव आला. दुसऱ्या दिवशी दुकान उघडलं, तेव्हा बाहेर दोन गिऱ्हाइकं उभी होती. काकांना इतकं बरं वाटलं, की त्यांनी दोघांनाही चहा पाजला.

दोन महिन्यांनी फिर्यादीच दुकानात आले. हेडमास्तर. काकांनी तोंड घट्ट मिटलं. कोर्टाची अट म्हणजे अट.

"केस मागे घेतोय. कागद व्हायला वेळ लागेल म्हणे," हेडमास्तर म्हणाले.

काका गप्प.

"तुमच्यावर उगाच आळ घेतला मी. राग आला होता."

काका गप्पच. हेडमास्तरांना वाटलं, माणूस अजून रागावलाय. त्यांनी जामिनाची ऑर्डर वाचली नसावी. मग त्यांनी खिशातून एक किल्ली काढून फळीवर ठेवली.

"ती गेल्यावर दाराचं कुलूप बदललं होतं मी. रविवारी दोघं यायचीत. तिला घरात यायला एक किल्ली हवी."

काकांनी किल्ली यंत्राला लावली. घासली, कडा पुसल्या, बोटावर फिरवून पाहिली. मग भिंतीवरून आणखी एक कोरी किल्ली काढली आणि तीही घासली. दोन्ही किल्ल्या हेडमास्तरांपुढे सरकवल्या.

"एकच म्हटलं होतं," हेडमास्तर म्हणाले.

काकांनी दुसरी किल्ली बोटानं आणखी थोडी पुढे ढकलली. हेडमास्तर बराच वेळ त्या दुसऱ्या किल्लीकडे बघत राहिले. मग जावयाची ती किल्लीही त्यांनी उचलून खिशात टाकली.