आकडे म्हणणारा मर्टन

मर्टन टिबेट्सला रोमच्या स्टुडिओत सगळे ओळखायचे, पण नावाने कुणीच नाही. "तो हो, दुसरा खलनायक!" एवढीच ओळख. चौदा वर्षांपूर्वी अमेरिकेतून एका सिनेमापुरता आला आणि इथलाच होऊन गेला. कधी रोमन सेनापती, कधी घोडेचोर, कधी जर्मन कर्नल. नायकाच्या हातून बत्तीस वेळा मेला बिचारा.

आमच्याकडे आवाज मागाहून भरतात. शूटिंगला जो तो आपल्या भाषेत बोलतो; ओठ हलले की झालं. मर्टनसाठी रडायला-गरजायला एत्तोरे नावाचा जाडा माणूस होता, बंद खोलीत बसून सगळं करायचा. मग पाठांतराची कटकट हवी कुणाला? पहिली दोन वर्षं मर्टनने केली. पुढे वाक्याच्या लांबीइतके इंग्रजी आकडे म्हणू लागला; इंग्रजी कळतंय कुणाला इथे! "सत्तावीस, अठ्ठावीस..." म्हणताना डोळ्यांत पाणी आणायचा, लबाड!

सदुसष्टच्या हिवाळ्यात त्याला पहिल्यांदा जरा बरी भूमिका मिळाली. आईची क्षमा मागणारा मुलगा. आई म्हणून एर्सिलियाबाई होत्या. सत्तरी ओलांडलेली बाई, जन्म नाटकात गेलेला, अकरा वर्षांनी काम मिळालेलं. समोरच्याचा शेवटचा शब्द कानावर पडल्याशिवाय तोंड उघडायचं नाही, ही त्यांची शिस्त. इंग्रजीचा गंध नाही, म्हणून त्यांनी मर्टनच्या वाक्यातले शेवटचे चार शब्द इंग्रजी येणाऱ्या एका पाद्रीबाबांकडून घोटून घेतले होते.

कॅमेरा सुरू झाला. मर्टन गुडघ्यांवर बसला, चाळीसपर्यंत म्हणाला आणि थांबला. बाई गप्प.

"बाई, तुमचं वाक्य!" दिग्दर्शक तिबेरिओ ओरडला.

पुन्हा तेच. तिसऱ्यांदाही तेच. चौथ्यांदा मर्टनला दिसलं, बाईंचे ओठ पुटपुटतायत. ते त्याचेच शब्द होते! बाई त्यांची वाट बघत होत्या, आणि तो आकडे म्हणत होता.

"मला ऐकूच आलं नाही हो," बाई रडवेल्या झाल्या.

"कशाला घरातून बाहेर पडता मग?" तिबेरिओ खेकसला.

एक वाक्य बोलायचं होतं मर्टनने. चूक माझी आहे, बस्स. पण निर्माता तिथेच उभा होता आणि ही भूमिका गेली तर पुन्हा मरण्याचीच कामं. त्याने मान खाली घातली. दुपारी बाईंना कामावरून काढून, गाडीत बसवून घरी पाठवण्यात आलं.

तीन दिवस त्याला घास गोड लागेना. चौथ्या दिवशी तो बाईंच्या दारात उभा राहिला. बाई स्वयंपाकघरात आर्टिचोकची भाजी सोलत होत्या.

"ये रे बाळा, बस. डॉक्टर म्हणतो, कान ठणठणीत आहेत. म्हणजे डोकंच गेलं की माझं!"

मर्टनला मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्याने सगळं सांगून टाकलं. बाईंनी सुरी खाली ठेवली.

"म्हणजे मी चुकले नव्हते?"

"नाही, बाई."

"मेल्या, आणि तोंड शिवून बसलास?" बाई उसळल्या. "आणि आता मला एकटीला सांगून काय उपयोग? काम नको मला परत. पण एर्सिलिया वाक्य विसरली, असं गावभर झालंय. उद्या सगळ्यांसमोर सांग. सांगशील?"

"आईशपथ सांगेन."

दुसऱ्या दिवशी सकाळी ट्राममध्ये बसून त्याने भूमिकेतलं वाक्य पाठ केलं. आधी कबुली द्यायची, मग काम, असं ठरवूनच तो गेला. तिथे बाईंची शाल पांघरून नवी नटी बसली होती.

"घाबरू नकोस रे," तिबेरिओने त्याच्या पाठीवर थाप मारली, "हिचं डोकं अजून जाग्यावर आहे!"

सगळे खो-खो हसले. मर्टनने तोंड उघडलं, आणि तोही हसला.

मग कॅमेऱ्यासमोर गुडघ्यांवर बसून त्याने आईची क्षमा मागितली. शब्दन् शब्द बिनचूक. नव्या नटीने वेळेवर उत्तर दिलं. एका फटक्यात प्रसंग झाला आणि टाळ्या पडल्या.

"वा! आज जीव ओतलास!" तिबेरिओ म्हणाला.

मर्टनने वाकून सगळ्यांचे आभार मानले.