वॉशिंग मशीनवरचं ताट

"तू खाली जा. तुझं ताट बेसमेंटमध्ये वाढलंय," काकू म्हणाल्या. हसत म्हणाल्या. समोर बसलेल्या सरांना वाटावं, माया करताहेत.

कॅनडात, हॅमिल्टनमधलं त्यांचं घर. मी बेसमेंटमधली भाडेकरू. काका-काकू पुण्याचे, आधी मला जीव लावायचे. मग घर गरम ठेवणारी फर्नेस बघायला काका खाली आले आणि माझ्या भिंतीवरचा निळ्या कोटातला फोटो बघून गेले. तेव्हापासून वरचं किचन मला बंद.

सर मला तत्त्वज्ञान शिकवायचे. अरब. आपल्या देशात कैद्यांच्या हक्कांसाठी लिहिलं म्हणून स्वतः कैदी झालेले. लायब्ररीतलं त्यांचं भाषण ऐकून काका भारावले होते. "तुझ्या सरांना जेवायला घेऊन ये," मलाच म्हणाले.

"थँक्यू, काकू," मी म्हणाले. खरंच म्हणाले. सवयच तशी. तालुक्याच्या शाळेत बाई माझ्या ओंजळीत वरून पाणी ओतायच्या, तेव्हाही मी त्यांना नमस्कार करायचे. घरातली पहिली शिकलेली मी. उपकार विसरू नकोस, एवढंच आईने बजावलेलं.

मी खाली गेले. वॉशिंग मशीनवर कागदी प्लेट. शेजारी साबणाचा डबा. वर सरांना चांदीच्या ताटात पुरणपोळी.

सरांनी वर्गात सांगितलेलं आठवलं. तुरुंगात पहारेकरी भाकरीवर थुंकायचा आणि आभार मानायला लावायचा. सर मानायचे. एक दिवस गप्प राहिले. दात पाडले त्यांचे. भाकरीही बंद.

मी प्लेट उचलली. वर आले. सरांच्या शेजारची खुर्ची ओढून बसले.

काकूंचं हसू तसंच. "हा काय तमाशा? उपास आहे म्हणून सांग त्यांना, आणि ऊठ."

"काय म्हणताहेत त्या?" सरांनी मला विचारलं.

मी इंग्रजीत सांगितलं. जसंच्या तसं. का म्हणताहेत, तेही सांगितलं. सरांनी हातातला घास ताटात परत ठेवला.

काकूंची मुलगी इथेच वाढलेली, मराठी जेमतेम. तिने ताटातून मान वर केली. "इज दॅट ट्रू, मॉम?"

काका म्हणाले, "या लोकांना उपकाराची जाणच नसते. उद्या खोली रिकामी कर."

"करते," मी म्हणाले. कागदी प्लेटमधली पोळी त्याच टेबलावर शेवटच्या घासापर्यंत खाल्ली. आभार मानले नाहीत.

आता दुसरीकडे राहते. तिथेही आडनाव विचारतात. हसतच. विचारा. मराठीत हसून जे म्हणाल, ते मी चारचौघांत इंग्रजीत सांगणार. तुमच्या मुलांसमोर.