आठ मिनिटं न ओळखण्याची

सोलापुरात तेव्हा टीव्ही दिसतच नव्हता. त्यामुळे महिन्यातून एका शनिवारी मी मुंबईला जाऊन काय करते, हे आमच्या शाळेतल्या इतर शिक्षिकांना सांगूनही पटत नसे.

टीव्हीवरच्या एका खेळातलं काम, तसं सोपं होतं. समोर अनोळखी पाहुणा, अलीकडे आम्ही चौघं. प्रश्न विचारून त्याचा धंदा ओळखायचा. पाहुण्याने फक्त हो किंवा नाही म्हणायचं. मला घेतलं होतं हसवण्यासाठी. "तुमच्यासमोर माणूस तोंड उघडतो, पण बोलत नाही, असं होतं का?" असं एकदा दातांच्या डॉक्टरला विचारलं आणि माझी खुर्ची पक्की झाली. गाडीत बसल्याबसल्या मी वहीत प्रश्न लिहून काढायची. कामाची जागा, हत्यार, गिऱ्हाईक, या क्रमाने. लोकांनी हजरजबाबी म्हणून जे नावाजलं, त्यातलं निम्मं दौंडच्या आधीच तयार असे.

दुसऱ्या वर्षी एक बाई आल्या. नऊवारी, डोक्यावर पदर. अंगठ्याला कात्रीचा घट्टा, नखं झिजलेली, बोटं पिवळी. बिडी वळणाऱ्या. माझ्या वर्गातल्या निम्म्या मुलींच्या आया हेच करत. मला एका नजरेत कळलं. पण निर्मात्यांनी आधीच बजावलं होतं, "ओळखू आलं तरी आठ मिनिटं ओळखायचं नाही. तुम्ही फक्त हसवा."

मी हसवलं.

"बोटांना एवढ्या चिरा! घरातली भांडणं तुम्हीच जिंकता वाटतं?"

सगळा स्टुडिओ हसला. बाईंनी हात पदराखाली घेतले. "न्हाय," त्या म्हणाल्या. सूत्रसंचालकाने ते 'न्हाय' नाकातून म्हणून दाखवलं. पुन्हा हशा.

मग त्या नियम सोडून माझ्याकडे वळल्या. "बाई, तुमी सोलापूरच्याच की. माजी पोरगी तुमच्या वर्गात हाय. तुमाला खरंच ठावं न्हाय व्हय?"

"बिडी वळता," मी म्हणाले. दोन मिनिटांत खेळ संपला.

निर्माते तावातावाने आले. "अहो, उरलेल्या वेळात मी काय दाखवू?"

"त्यांचं 'न्हाय' परत दाखवा. लोक हसतील."

"एवढ्याशा गोष्टीवरून तुम्ही—"

"एवढीशी नाही ती."

मला संताप निर्मात्यांचा आला, सूत्रसंचालकाचा आला. पण क्रम लावायचा तर पहिला नंबर माझा. त्या दोघांना तो धंदा कागदावरून माहीत होता, असे हात रोज पाहणारी मीच होते.

त्या बाई व्हरांड्यात चहाचा कप धरून उभ्या होत्या. मी माफी मागायला गेले.

"जाऊ द्या," त्याच म्हणाल्या. "आपल्याकडं टीव्ही न्हाय ते लई बरं. पोरीनं बघितलं असतं."

मी मुलीचं नाव विचारून घेतलं. मुंबईचं बोलावणं पुन्हा आलं नाही, मीही चौकशी केली नाही. त्या शनिवारनंतरच्या सोमवारी हजेरी घेताना ते नाव आलं. "हजर," ती खणखणीत म्हणाली. मी मान वर केली नाही.