मध्येच सत्कार

संयोगिता ब्लूज गाते, म्हणजे अमेरिकेतल्या काळ्या लोकांची दुःखाची गाणी, तेही मराठीत, इलेक्ट्रिक गिटारची तार तुटेस्तोवर आवाज काढून. नवरा पोस्टिंगवर गेल्यावर मागे राहिलेल्या बायका, वडूजच्या माळावर पाण्याची वाट बघणाऱ्या बायका, असली तिची गाणी. त्यात दुःख ओळीओळीने घोळवत चढवावं लागतं. मध्येच तोडलं की मेलंच ते. आणि आपल्याकडे तर कुणाचं गाणं रंगात आलं की कुणाला तरी नारळ द्यायची घाई सुटतेच.

गिटार आणली होती तिच्या वडिलांनीच. सुभेदार लालासाहेब शिलाँगला असताना तिथल्या पोरांचं वाजवणं ऐकून खुळे झाले आणि सुट्टीवर येताना लेकीसाठी गिटार आणि कॅसेटा घेऊन आले. लेक शिकली. पुढे तेच करणार म्हणाली, तेव्हा मात्र सुभेदारांचं तोंड उतरलं. पारावर कुणी विचारलं, "पोरगी काय करती?" तर म्हणायचे, "पुण्यात कंपनीत हाय."

कंपनी कसली! पुण्याच्या हॉटेलांत ती जेवणाऱ्यांच्या ताटल्यांच्या खडखडाटात गात होती. सांगलीत एका संयोजकाने 'ब्लूज' ऐकताच कानावर हात ठेवले. "आमच्याकडं बायामाणसं येत्यात. तसलं ब्लू-बिलू चालायचं न्हाई." तिच्या अंगाची लाही लाही झाली, पण गाणं सोडलं नाही. हळूहळू पोरं मोबाइलवर तिला ऐकू लागली, बंगळूरहून बोलावणी आली. गावी वडूजमध्ये मात्र ती अजून कंपनीतच होती.

यंदा साताऱ्यात माजी सैनिकांच्या मेळाव्यात तिचा कार्यक्रम ठरला. आबा, म्हणजे सुभेदार, समोर बसणार होते. आईवर केलेलं गाणं त्यांच्यापुढे एकदा सबंध गायचं, एवढंच तिला हवं होतं.

त्या गाण्याच्या दुसऱ्या कडव्याला निवेदक भाऊसो पुढे आला. "जरा थांबा मॅडम. पाहुण्या साहेबांना पुढं जायचंय, सत्कार उरकून घेऊ." शाली निघाल्या, फेटे निघाले. संयोगिता गळ्यात गिटार अडकवून, दातओठ खात उभी राहिली.

"आता सत्कारमूर्ती सुभेदार लालासाहेब. यांची सुकन्या पुण्यात नामांकित कंपनीत मॅनेजर आहे."

आबा स्टेजवर आले. तिच्याकडे न बघता त्यांनी शाल घेतली, नारळ घेतला. टाळ्या पडल्या. संयोगिताच्या डोक्यात तिडीक गेली. तिने माइक ओढला.

"ती सुकन्या मीच हाय, भाऊसो. कंपनी कुठली ते आबांना इचारा. मला बी कळू दे."

भाऊसो कसनुसं हसला. "आवं सुभेदार, काय म्हणत्यात या?"

आबांनी घसा खाकरला. "लेक गाती माजी. कंपनी-बिंपनी काय न्हाई." मग खांद्यावरची शाल काढून त्यांनी भाऊसोच्या हातात दिली. "तिच्या आईचं गाणं मोडलंसा तुमी. सरका बाजूला."

ते पायऱ्यांकडे वळले. पण इतक्या वर्षांचा राग असा एका वाक्यात उतरतो होय? आबा पोस्टिंगवर असताना आई चूल फुंकत एकटी म्हातारी झाली, ते ऐकायची पाळी आज आबांची होती.

"आबा, खाली न्हाई जायचं," संयोगिता म्हणाली. "पहिल्यापासनं गाणार हाय. संपेस्तवर हितंच उभं ऱ्हावा."

सुभेदारांनी नारळ पायाशी ठेवला आणि सावधान उभे राहिले.