मारुतीमागची पांढरी रुई

तान्ह्या पोळ्याचा दिवस: जबाबदार, ग्रामपंचायतीचा शिपाई. हरतालिकेची सकाळ: जबाबदार, माझा वांगी पिकवणारा शेजारी. होळीनंतरची ग्रामसभा: जबाबदार, सरपंचबाई आणि हात वर करणारे सर्व उपस्थित. या तिन्हींच्या आधीची एक चौथी तारीख आहे. तिच्याकडे मी क्रमाने येईन, कारण तीत जबाबदार असलेल्या इसमाचे हस्ताक्षर माझ्या चांगले ओळखीचे आहे.

आमचे गाव वडनेरपासून थोडे आत, नाल्याच्या काठी. काठावर मारुतीचा ओटा, आणि ओट्यामागे जेथे नाल्याची रेती संपते तेथे पांढऱ्या फुलांची रुई. जांभळी रुई बांधाबांधावर आहे. पांढरी ही एकच. तिला कधी कोणी पाणी घातले नाही. वैशाखात विहिरी तळ दाखवत, तेव्हाही ती मेणात कोरल्यासारख्या फुलांनी भरलेली असे. मी आयुष्यभर तहसील कचेरीबाहेर टंकयंत्र मांडून लोकांचे अर्ज लिहिले, आणि दर शुक्रवारची सायंकाळ या झुडपापाशी घालवली. शनिवारी मारुतीला रुईच्या पानांची माळ चढते. पत्नी पाने खुडी, मी एकवीस मोजून घेई. चिकाचा हात डोळ्याला लावू नका, असे ती दर वेळी बजावी. मग अंगणात माळ ओवताना ती आठवड्याचे साठलेले सगळे बोले. कचेरीत कोणाचे वाक्य पुरे होऊ न देणारा मी, तेथे मुकाट ऐकत असे. या सुखाविरुद्ध माझी कोणतीही तक्रार नाही.

आता चौथी तारीख. श्रावणात ओट्यापाशी साप निघाला आणि त्याच दुपारी मी संतापून पंचायतीला अर्ज दिला: नाल्याकाठची संपूर्ण झुडपी वाढ विनाविलंब काढून टाकण्यात यावी. माझ्या एकाही अर्जावर त्या कचेरीने तोवर कारवाई केली नव्हती. या अर्जावर केली. तान्ह्या पोळ्याला पोरे लाकडी बैल मिरवीत असताना शिपायाने कोयता चालवला. मी धावत पोचलो तेव्हा रुईच्या बुंध्यातून पांढरा चीक रेतीवर गळत होता. मी त्याला कायदा ऐकवू लागलो. त्याने शांतपणे खिशातून माझ्याच अर्जाची प्रत काढली.

"बाबूजी, तुमच्या अर्जात रुईले सूट नोती."

नव्हतीच. अपवाद आधी लिहावा, मागणी नंतर, असे मी शेकडो अडाण्यांना शिकवले होते.

उरलेला बुंधा शेजाऱ्याने पाहिला. जुन्या पांढऱ्या रुईच्या मुळात आपोआप गणपती घडतो, अशी आमच्याकडे श्रद्धा आहे. गणेश चतुर्थी तीन दिवसांवर होती. त्याने सब्बल घेऊन हरतालिकेच्या सकाळीच मूळ उकरले. मुळाला सोंडेसारखा फाटा निघाला. त्याने ते पाटावर मांडले, हळदकुंकू वाहिले, आणि अर्धे गाव सोंड डावी की उजवी यावर भांडत बसले. तिसऱ्या दिवशी मूळ वाळले. तो ते फडक्यात गुंडाळून माझ्याकडे आला.

"सोंड तुटली, बाबूजी. देव नोता, मूळच होतं."

मी त्याला बरेच सुनावले. त्याने ऐकून घेतले आणि परस्पर जाऊन खड्डा बुजवला.

बांधावरची जांभळी रुई पत्नीला माळेला चालेना, म्हणून पुढचे महिने आम्ही हिंगणघाटहून पांढरीची माळ विकत आणली. माळ चांगली असे. पत्नी ती पिशवीतून काढी, मारुतीला घाली आणि घरी येऊन स्वयंपाकाला लागे. मी एकदा विचारले, आताशा तू बोलत का नाहीस. ती म्हणाली, "विकतच्या माळेत बोलाले जागा नाई जी."

होळीच्या सुमारास बुजवलेल्या खड्ड्यातून दोन कोंब वर आले. खोल राहिलेले मूळ जिवंत होते. शेजाऱ्याने न सांगता भोवती बोरीच्या काट्या रोवल्या. त्याच्यावरील आरोप मी मागे घेत नाही, पण शिक्षा माफ करतो.

आणि लगेच ग्रामसभेने ठराव केला: हनुमान जयंतीपूर्वी ओट्याभोवती नाल्यापर्यंत सिमेंटचे गट्टू बसवून सगळी जमीन फरसबंद करायची. मी त्या दिवशी नागपूरला होतो. असतो तर हे झाले नसते.

गेल्या शुक्रवारी आम्ही दोघे तेथे गेलो. कोंबांना नऊ पाने होती. एकही तोडायचे नाही, असे पत्नीने ठरवून टाकले. मग ती ओट्यावर टेकली आणि सुनेच्या बदलीपासून लोणच्याच्या कैऱ्यांपर्यंत अंधार पडेस्तोवर बोलत राहिली. मी मध्ये बोललो नाही.

म्हणून सरपंचबाईंना माझी जाहीर मागणी आहे. गट्टूंची पहिली ओळ पडण्याआधी त्यांनी ग्रामसभेत उभे राहून सांगावे: रुईभोवती एक हात चौरस जमीन मोकळी सोडणार की नाही? तोंडी आश्वासन चालणार नाही, इतिवृत्तात नोंद हवी. चौथ्या तारखेविषयी मला कोणी विचारले, तर सरपंचबाईंच्या आधी उभा राहून मी उत्तर देईन.